वाचकांचे प्रश्न: रिपॅक केलेले गेम, कायदा आणि जपणूक

गेल्या दोन महिन्यांत या सदराकडे आलेल्या टपालात एकाच विषयाची सहा पत्रे निघाली, म्हणून या वेळी सदराची सगळी जागा त्याच विषयाला दिली आहे. विषय आहे रिपॅकचा, म्हणजे कोणी तिऱ्हाईताने कुलूप (नक्कल होऊ नये म्हणून कंपनीने घातलेले संरक्षण) काढलेला, दाबून लहान केलेला आणि स्वतःच्या सेटअपमध्ये भरून इंटरनेटवर सोडलेला संगणकावरचा गेम. पत्रे थोडी संक्षिप्त केली आहेत आणि पत्रलेखकांची नावे त्यांच्या इच्छेनुसार वगळली आहेत.

प्रश्न: मी अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला आहे. आमच्या वसतिगृहात सगळेच रिपॅक वापरतात. ऐंशी जीबीचा गेम पस्तीस जीबीत उतरतो आणि आमच्या नेटला तेवढेच झेपते. रिपॅक करणारा स्वतः कुलूप तोडत नाही, तो फक्त फाइली दाबतो. मीही काही विकत नाही, फक्त खेळतो. मग यात गुन्हा नेमका कुणाचा? (विद्यार्थी, टिळकवाडी)

उत्तर: तुम्ही कामाची वाटणी बरोबर सांगितली आहे, पण तिच्यातून काढलेला निष्कर्ष चुकीचा आहे. कुलूप तोडणारा एक, फाइली दाबणारा दुसरा आणि खेळणारा तिसरा असला, तरी कायदा या तिघांकडे तीन वेगवेगळ्या कलमांतून पाहतो आणि तिघांपैकी कोणालाही मोकळे सोडत नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात संगणक प्रणालीला ‘साहित्यकृती’ मानले आहे. तिची प्रत काढणे, ती इलेक्ट्रॉनिक साधनात साठवणे आणि लोकांपर्यंत पोहोचवणे हे अधिकार मालकाचे आहेत. फाइल दाबून लहान केली म्हणून ती वेगळी कृती होत नाही, ती प्रतच राहते. गेम परदेशी असल्यानेही फरक पडत नाही, कारण १९९९ च्या आंतरराष्ट्रीय कॉपीराइट आदेशाने परदेशी कृतींना आपल्याकडे संरक्षण दिले आहे.

कलम ६३ नुसार जाणूनबुजून केलेल्या उल्लंघनाला सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड आहे, आणि हा गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली स्पष्ट केले आहे. कुलूप तोडणाऱ्यासाठी २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५अ आले. तुमच्यासारख्या केवळ वापरणाऱ्याला लागू होते ते कलम ६३ब. ते सांगते की प्रत बेकायदा आहे हे ठाऊक असूनही ती संगणकावर वापरणाऱ्याला सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि वर दंड होऊ शकतो. व्यापारासाठी वापर नसेल तर न्यायालय विशेष कारणे नोंदवून कैद माफ करू शकते आणि पन्नास हजारांपर्यंतच्या दंडावर भागवू शकते. ही सवलत मोठी आहे, पण ती शिक्षेतली सवलत आहे; गुन्हा त्यामुळे पुसला जात नाही.

‘मी फक्त खेळतो’ हे विधानही पुरते खरे नाही. रिपॅक बहुधा टॉरेंटने, म्हणजे वापरणाऱ्यांच्याच संगणकांवरून तुकड्या-तुकड्यांनी फाइल मिळवण्याच्या पद्धतीने, उतरतो, आणि टॉरेंटमध्ये तुमच्याकडे आलेला तुकडा तुमचा संगणक त्याच वेळी इतरांना पाठवत असतो. म्हणजे डाउनलोड पूर्ण होण्याआधीच तुम्ही वाटप करणारे झालेले असता.

एक गोष्ट आकड्यांच्या बाहेरची सांगतो. पुण्यातील नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या संस्थेने २०२० साली ‘राजी’ हा गेम आणला. त्याआधी त्यांनी त्यासाठी इंटरनेटवर लोकवर्गणी मागितली होती, ती ठरल्याएवढी जमली नव्हती. मोठ्या परदेशी कंपनीचे काय बिघडणार, असे म्हणत आपण ज्या सवयीने रिपॅक उतरवतो, तीच सवय अशा गेमच्या वेळीही हाताला असते. नेटची मर्यादा ही तुमची अडचण मी मानतो. वर्षभरात निम्म्याहून कमी किमतीत मिळणारे गेम, पूर्णपणे मोफत गेम आणि लहान आकाराचे स्वतंत्र गेम यांतून वसतिगृहाचे वर्ष सहज निघते.

प्रश्न: माझे संगणक दुरुस्तीचे छोटे दुकान आहे. लॅपटॉप फॉरमॅट करायला येणारा प्रत्येक दुसरा माणूस ‘चार-पाच गेम टाकून द्या’ म्हणतो. मी पन्नास-शंभर रुपये घेतो. एक मित्र म्हणतो, दुकान शिनोळीच्या पलीकडे महाराष्ट्रात हलव, इकडे कायदा कडक आहे. हे खरे का? (दुकानदार, बेळगाव)

उत्तर: कॉपीराइटचा कायदा केंद्राचा आहे, तो शिनोळीच्या अलीकडे आणि पलीकडे सारखाच आहे. मात्र तुमच्या मित्राच्या बोलण्याला एक आधार आहे. कर्नाटकात गुंडांना स्थानबद्ध करण्यासाठी १९८५ साली केलेल्या कायद्यात २०१४ च्या दुरुस्तीने ‘डिजिटल गुन्हेगार’ हा वर्ग घातला गेला, आणि व्यापारी हेतूने जाणूनबुजून कॉपीराइट मोडणारा माणूस, मग ते पुस्तक असो, चित्रपट असो की सॉफ्टवेअर, त्या व्याख्येत येतो. या कायद्याखाली खटला न चालवताच बारा महिन्यांपर्यंत स्थानबद्ध करता येते. महाराष्ट्रातही १९८१ चा त्याच जातीचा कायदा आहे आणि त्याच्या नावातच ‘व्हिडिओ पायरेट्स’ हे शब्द आहेत, तेव्हा सीमा ओलांडून सुटका होईल असे समजू नका.

तुम्ही घेतलेले पन्नास रुपये ‘मजुरीचे’ आहेत, गेमचे नाहीत, असा बचाव अनेक दुकानदार करतात. तो टिकणारा नाही. पैसे घेऊन प्रत दिली की व्यापारी हेतू आला, आणि वर सांगितलेली सौम्य सवलत तुम्हाला उरत नाही. हे काम आजपासून बंद करा, हाच माझा सल्ला आहे.

प्रश्न: मुलाने लॅपटॉपवर रिपॅक टाकताना अँटिव्हायरस बंद केला. ‘तो खोटा इशारा देतो, सगळेच बंद करतात’ असे तो म्हणतो. तेव्हापासून गेम चालू नसतानाही लॅपटॉप तापतो आणि पंखा घोंघावत राहतो. (एक आई, शहापूर)

उत्तर: ताई, मुलगा खोटे बोलत नाही, तो अर्धे खरे बोलतो आहे. कुलूप काढण्यासाठी गेमची मूळ फाइल बदललेली असते आणि अशी बदललेली फाइल अँटिव्हायरसला संशयास्पद वाटते, हे खरे. पण खोटा इशारा आणि खरा इशारा दिसायला एकसारखेच असतात, आणि एकदा पहारेकरी झोपवला की कोण आत आले ते कळायला मार्ग राहत नाही. २०२१ साली अव्हास्ट या कंपनीने ‘क्रॅकोनॉश’ नावाचा घातक प्रोग्राम उघडकीस आणला. तो कुलूप काढलेल्या लोकप्रिय गेममधून पसरत होता, अँटिव्हायरस काढून टाकत होता आणि दुसऱ्याच्या संगणकावर गुपचूप आभासी चलन तयार करत होता. जगभरात २ लाख २२ हजारांहून अधिक संगणकांना त्याची लागण झाली होती. २०२४ च्या ३१ डिसेंबरला सुरू झालेल्या अशाच एका मोहिमेत रिपॅक केलेल्या गेमच्या सेटअपमध्येच तसली चलनखाण दडवलेली होती, असे कॅस्परस्की या अँटिव्हायरस कंपनीने नंतर दाखवून दिले.

रिकाम्या लॅपटॉपचा पंखा घोंघावणे हे नेमके अशा चलनखाणीचे लक्षण असू शकते. धूळ साचल्यानेही तसे होते, पण तो धोका पत्करू नका. कामाची कागदपत्रे आणि छायाचित्रे वेगळी काढून घ्या, विंडोज नव्याने टाकून घ्या आणि बँकेचे व ईमेलचे पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ यंत्रावरून बदला. मुलाला रागावू नका. रागावलात तर पुढच्या वेळी तो तुम्हाला न सांगता अँटिव्हायरस बंद करेल आणि ते तुम्हाला कळणारही नाही.

प्रश्न: मी २००४ च्या सुमारास पुण्याहून एका गेमची मूळ सीडी विकत आणली होती. खोका, पुस्तिका, सगळे जपून आहे. नव्या लॅपटॉपवर ती चालत नाही. त्याच गेमचा रिपॅक मात्र एका झटक्यात चालतो. मी पैसे मोजलेले आहेत. तरीही मी चोर ठरतो का? (शिक्षक, निपाणी)

उत्तर: तुमच्या पत्राने मला माझ्या कपाटाकडे नेले, कारण तिथेही त्याच सुमाराची एक सीडी आहे. पुस्तिकेच्या पाठीवर अनुक्रमांकाची चिकटपट्टी अजून शाबूत आहे आणि सीडीवर ओरखडाही नाही. ती परवा बाहेरच्या ड्राइव्हमध्ये घातली. ड्राइव्ह घरघरला, बाणाशेजारचे चक्र क्षणभर फिरले आणि पुढे काहीच झाले नाही. खिडकी उघडली नाही, चूक काय झाली तेही कळले नाही.

चूक सीडीची नाही. त्या काळच्या अनेक गेमवर ‘सेफडिस्क’ नावाचे कुलूप होते. मूळ सीडीवर मुद्दाम ठेवलेल्या खुणा तपासण्यासाठी ते विंडोजच्या अगदी आतल्या थरात एक ड्रायव्हर, म्हणजे विंडोजचा भाग होऊन चालणारा छोटा प्रोग्राम, बसवत असे. त्या ड्रायव्हरमधून संगणकाच्या सुरक्षिततेला भगदाड पडत होते, म्हणून मायक्रोसॉफ्टने २०१५ च्या विंडोज १० मध्ये त्याला जागा दिली नाही आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये जुन्या विंडोजवरही एका सुरक्षा अपडेटने तो बंद केला. त्यांचा निर्णय सुरक्षेच्या दृष्टीने योग्यच होता. पण परिणाम असा झाला की पैसे मोजून सीडी घेणाऱ्याच्या हाती मुकी चकती उरली आणि कुलूप काढलेली प्रत वापरणाऱ्याचा गेम मात्र चालत राहिला. प्रामाणिक ग्राहकावर झालेला हा अन्याय आहे आणि तो तसाच म्हटला पाहिजे.

आता कायदा. कलम ५२ मधील एक पोटकलम असे सांगते की संगणक प्रणालीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याने, ती हरवू नये, नष्ट वा खराब होऊ नये म्हणून राखीव प्रत काढली तर ते उल्लंघन नाही. आणि ज्या कामासाठी ती प्रणाली दिली गेली त्या कामासाठी प्रत किंवा रूपांतर करणे हेही उल्लंघन नाही. कलम ६५अ सुद्धा कुलूप काढण्याला सरसकट गुन्हा म्हणत नाही. मालकाच्या हक्कांचे उल्लंघन करण्याच्या हेतूने काढले तर गुन्हा, अशी त्याची भाषा आहे. म्हणून तुमच्या स्वतःच्या सीडीची प्रतिमा, म्हणजे अख्ख्या सीडीची एका फाइलमधली हुबेहूब नक्कल, हार्ड डिस्कवर काढून ठेवणे, आणि तुमचीच प्रत तुमच्याच यंत्रावर चालावी एवढ्यापुरती खटपट करणे, हे माझ्या मते कायद्याच्या मर्यादेत बसते.

रिपॅकचे मात्र तसे नाही. रिपॅक ही तुमच्या सीडीची प्रत नसते, ती दुसऱ्याच कोणाच्या प्रतीची प्रत असते, आणि ती तुम्हाला देणाऱ्याला ती देण्याचा अधिकार नव्हता. तुम्ही दिलेले पैसे त्या देण्याला वैध करू शकत नाहीत. नैतिकदृष्ट्या तुम्ही चोर नाही, हे मी निःसंकोच लिहितो. कायद्याच्या दृष्टीने तुम्ही वैध प्रत हातात असताना अवैध प्रत वापरत आहात.

यात एक गोष्ट मला नेहमी खटकते. २००८ साली युबिसॉफ्ट या गेम कंपनीने आपल्या ‘रेनबो सिक्स वेगस २’ या गेमसाठी अधिकृतपणे दिलेली दुरुस्ती म्हणजे प्रत्यक्षात कुलूप तोडणाऱ्या एका टोळीची फाइल निघाली. २०१० साली ‘मॅक्स पेन २’ च्या स्टीम या ऑनलाइन दुकानात विकल्या जाणाऱ्या प्रतीतही दुसऱ्या एका टोळीची खूण सापडली. ज्यांना कंपन्या गुन्हेगार म्हणतात त्यांचेच काम, आपली जुनी किल्ली सापडेना तेव्हा, कंपन्यांनी विकायला ठेवले. विकत घेणाऱ्याने तेच केले तर त्याला पन्नास हजारांचा दंड, ही असमानता मला मान्य नाही.

तुमच्यापुरता मार्ग असा: आधी तो गेम पोलंडच्या जीओजी या दुकानात आहे का पाहा. २००८ पासून ते जुने गेम आजच्या विंडोजवर चालतील असे दुरुस्त करून, कुलपाविना विकतात आणि सेटअपची फाइल कायम स्वतःजवळ ठेवू देतात. सवलतीच्या दिवसांत किंमत फारशी नसते. तिथे नसेल तर जुना विंडोज एक्सपीचा संगणक, नेट न जोडता, केवळ या सीडीसाठी ठेवून द्या.

प्रश्न: आमच्या वाचनालयाला एका कुटुंबाने पुस्तकांसोबत गेमच्या साठेक सीडी देणगी दिल्या. काही चालत नाहीत. तरुण कार्यकर्ते म्हणतात, सगळ्यांचे रिपॅक उतरवून एका हार्ड डिस्कवर भरून ठेवू, म्हणजे जतन होईल. वाचनालयांना कायद्यात सूट असते ना? (ग्रंथपाल, खानापूर तालुका)

उत्तर: सूट आहे, पण तिची भाषा वाचून तुम्हालाही माझ्यासारखेच वाईट वाटेल. कलम ५२ नुसार अव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी एखादी कृती इलेक्ट्रॉनिक साधनात साठवता येते. अट एकच, की त्या कृतीची ‘डिजिटल नसलेली’ प्रत ग्रंथालयाकडे आधीपासून असली पाहिजे. पुस्तक, नकाशा, हस्तलिखित यांना ही अट लागू पडते. गेम मात्र जन्मतःच डिजिटल आहे, त्याची डिजिटल नसलेली प्रत कधी नव्हतीच. भारतात विकत न मिळणाऱ्या पुस्तकाच्या तीन प्रती काढण्याची सूट शेजारीच आहे, ती फक्त पुस्तकांपुरती. म्हणजे कागदासाठी लिहिलेल्या कलमात सीडी बसत नाही. ‘डिजिटल नसलेली’ हे शब्द त्या कलमातून काढावेत, अशी मागणी आपल्या ग्रंथालय संघटनांनी करायला हवी असे मला मनापासून वाटते. अमेरिकेतही परिस्थिती फार बरी नाही. तिथल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ साली दाखवले की २०१० पूर्वी त्या देशात आलेल्या गेमपैकी ८७ टक्के आज विकत मिळतच नाहीत, आणि तरीही असे गेम अभ्यासकांना दुरून वापरू देण्याची ग्रंथालयांची विनंती २०२४ साली नाकारली गेली.

आता कार्यकर्त्यांच्या कल्पनेविषयी. रिपॅकमुळे काही गोष्टी वाचल्या आहेत, हे नाकारता येणार नाही. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ४’ मधल्या कित्येक गाण्यांचे परवाने दहा वर्षांनी संपले, तेव्हा २०१८ साली ती गाणी अधिकृत प्रतींतून काढली गेली. ती आज ऐकायची तर जुनी चकती किंवा जुनी अनधिकृत प्रत हाच आधार आहे. तरीही रिपॅक हे जतनाचे साधन नव्हे. त्यात गेमची मुख्य फाइल बदललेली असते, काही जुन्या प्रकारांत चित्रफिती आणि संगीत पुन्हा दाबून त्यांचा दर्जा उतरवलेला असतो, पुस्तिका आणि खोका तर नसतोच.

आणि भाषा नसतात. रिपॅक उतरवताना कोणत्या भाषेच्या फाइली हव्यात ते निवडता येते. बहुतेक जण इंग्रजीची घेतात, बाकीच्या सोडून देतात. टॉरेंटवर जी फाइल कोणी ठेवत नाही ती काही वर्षांत मिळेनाशी होते. ज्या भाषेला मागणी कमी, तिची फाइल आधी नाहीशी होते. ज्याच्या घरी मराठी आणि कचेरीत कन्नड आहे, त्या आपल्या भागातल्या माणसाला यातले दुःख वेगळे समजावून सांगायला नको.

बेळगावचे सार्वजनिक वाचनालय १८४८ पासून उभे आहे. तिथल्या जुन्या पुस्तकाची किंमत त्यातल्या मजकुरापुरती नसते. आवृत्ती, छापखान्याचे नाव, कोणा वाचकाने समासात केलेली खूण, हे सगळे त्यात धरलेले असते. सीडीलाही तीच रीत लावा. प्रत्येकीची दाखलनोंद करा, खोका आणि पुस्तिका सोबत ठेवा, सीडीवर शाईने काही लिहू नका, उभ्या डब्यांत सावलीत ठेवा. देणगीदारांकडून लेखी देणगीपत्र घ्या, म्हणजे तुमचा ताबा कायदेशीर ठरेल. मग वर सांगितलेल्या पोटकलमाखाली प्रत्येक सीडीची एक राखीव प्रतिमा काढता येईल. तिची बेरीज-खूण, म्हणजे चेकसम, नोंदवहीत लिहा, कारण पाच वर्षांनी फाइल जशीच्या तशी आहे की बिघडली हे तिच्यावरूनच कळेल. ती प्रतिमा कोणालाही पेन ड्राइव्हवर देऊ नका. साठ सीडींत एखादा भारतीय गेम निघाला, तर त्याची आधी काळजी घ्या. हैदराबादेत तयार झालेला ‘हनुमान: बॉय वॉरियर’ २००९ साली प्लेस्टेशन २ साठी आला होता; अशा गेमला परदेशातला कोणी छंदिष्ट जपेल अशी आशा ठेवून आपण बसू नये.

जाता जाता, कारवारहून एका वाचकाने विचारले आहे की लहानपणी टीव्हीला जोडायच्या व्हिडिओ गेमची ‘९९९९ इन वन’ कॅसेट घरात सापडली, तीही रिपॅकच म्हणायची का. होय. निन्टेन्डोच्या १९८३ च्या यंत्राची नक्कल आणि त्यावर चालणारी ही कॅसेट, दोन्ही विनापरवाना. त्यात खरे गेम काही डझनच, बाकी तेच गेम वेगवेगळ्या पातळीवरून सुरू होणारे, आणि पडद्यावरची मूळ कंपनीची नावे बऱ्याचदा पुसलेली. तरीही ती फेकू नका. आपल्या गावांतल्या एका पिढीने मारिओ आणि काँट्रा हे गेम असल्याच कॅसेटवर पाहिले, आणि त्या कशा दिसत होत्या याचा पुरावा आता फक्त घरोघरच्या माळ्यांवर आहे. पुढून-मागून छायाचित्र काढून ठेवा. चालू होत नसेल तर फुंकर मारू नका, तोंडातल्या ओलाव्याने आतल्या धातूच्या पट्ट्या गंजतात. पांढऱ्या खोडरबराने त्या हलक्या हाताने पुसा, कोरड्या कापडाने भुगा झटका आणि मगच कॅसेट यंत्रात घाला.